होकाननं अजून हाक मारली नाही

हॅलो?… हो, मीच. मारित. दुसरं कोण उचलणार माझा फोन?… अगं बोल ना, इल्वा, ऐकू येतंय. तुझाच आवाज तुटतोय. खिडकीशी जा बघू… हां, आता ठीक.

आईकडेच आहे. वृद्धाश्रमात, तिच्या खोलीत… नाही, जागी आहे. खुर्चीत बसलीये, टॅबलेट मांडीवर. नेहमीसारखी… चालू कुठला? काळा पडदा आहे नुसता, आणि ती त्याच्याकडे बघत बसलीये.

खाल्लं ना. सकाळी दोन चमचे लापशी. तीही फादुमोनं भरवली म्हणून… अगं फादुमो, इथली मुलगी, दिवसपाळीची. उन्हाळ्यात तू तिला डॉक्टर समजून अर्धा तास आपल्या गुडघ्याचं गाऱ्हाणं सांगत होतीस, ती… हो, तीच. गोड आहे पोर. पण आईपुढे तिनंही हात टेकलेत. कालची कॉफी तशीच, बन तसाच. विचारलं की एकच उत्तर. "होकाननं अजून हाक मारली नाही."

इल्वा. रडायचं नाही. तू रडलीस की मला राग येतो, आणि राग आला की मला रडू येतं, आणि मग दोघी मिळून फोनचं बिल भरायचं… हं. पूस डोळे.

वजन? विचारूच नकोस. लग्नातली अंगठी दोऱ्यानं बांधलीये बोटाला. कळलं ना? पुढे नको विचारूस.

तेच सांगायला फोन करणार होते मी तुला. ऐक ना… अगं ऐक तरी! होकानचा खेळ सापडला. म्हणजे… ओरडू नकोस! कान फुटला माझा. "म्हणजे" म्हटलं ना मी? "म्हणजे"च्या पुढचं ऐकशील की नाही?

राइवो म्हणून एक माणूस आहे. एस्टोनियातला, तार्तूचा. त्याचा नादच हा. लोकांनी घरबसल्या केलेले खेळ, कर्ता कुठंतरी गायब झाला, अकाउंट पुसलं गेलं, की हा त्या खेळांच्या मागे हिंडतो. त्याच्यासारखे आणखी आहेत, पण उत्तर दिलं ते यानंच… नाही, नोकरी वेगळी आहे. बस चालवतो म्हणाला… फुकट गं! तुला काय सगळीकडे चोरच दिसतात?

त्याला मी पहिल्यापासून सगळं सांगितलं. म्हटलं, माझा भाऊ जूनमध्ये गेला. त्यानं आईसाठी एवढासा खेळ केला होता. दलदलीत हिंडायचं, योर्ट्रोनं म्हणजे तिथली पिवळी रानफळं वेचायची, टोपली भरायची. टोपली भरली की त्याचाच आवाज यायचा, "आई, पुरे आता. कॉफी झालीये, ये." मग आमची आई टॅबलेट बाजूला ठेवायची आणि खरोखरची कॉफी प्यायची, बन खायची, रात्रीचं जेवायचीसुद्धा. तिची सगळी तब्येत त्या एका हाकेवर चालली होती. आणि जायच्या आधी त्यानं, खेळ ज्या साइटवर ठेवला होता, तिथलं आपलं अकाउंट पुसलं, त्याबरोबर खेळही गेला.

हो, सगळं इंग्रजीतून. माझं इंग्रजी मोडकं, त्याचं त्याहून मोडकं. छान जमलं आमचं.

तर त्यानं पहिला प्रश्न काय विचारला असेल? खेळाचं नाव. आता सांग, काय नाव होतं?… बघ, तुलाही आठवत नाही. "बटाटे"!… अगं हो, "बटाटे"! योर्ट्रोनांच्या खेळाचं नाव बटाटे! का, तर योर्ट्रोन शोधणाऱ्या कुणा लबाडाला तो सापडू नये म्हणून. आपला भाऊ!… हसतेस काय? मी भोगलंय ते. बटाट्याचे खेळ जगात किती आहेत तुला कल्पना नाही. राइवो एकेक पाठवतोय आणि मी संध्याकाळभर बसून बटाटे खणतेय, बटाटे सोलतेय, बटाट्यांची शर्यत लावतेय… एकात तर बटाट्याचं लग्न होतं. चांगला होता तो.

मग त्यानं विचारलं, हा खेळ कुणाकुणाला पाठवला होता? कुणा मित्राच्या, शेजाऱ्याच्या कॉम्प्युटरवर प्रत असेल. मी म्हटलं, कुणालाच नाही. म्हणे, एकालाही नाही? असं कसं? लोक खेळ करतात ते दाखवायलाच ना?

आता त्याला काय कपाळ सांगू? आईनं तंबी दिली होती, इल्वा! तेव्हा तिचं डोकं शाबूत होतं. खेळ बघितला, खूश झाली, आणि दुसऱ्या मिनिटाला तोफ सुरू. "मूर्खा, आपली योर्ट्रोनांची जागा जगाला दाखवतोस? उद्या अख्खं गाव बादल्या घेऊन येईल तिथं!" म्हणून त्यानं खेळ लपवून ठेवला. फक्त आईच्या टॅबलेटवर उघडेल असा.

आपल्याला तरी कुठं माहितीये ती जागा? मला गाडी लागायची म्हणून मी घरी. तू शाळेत जाऊन बोललीस म्हणून तू घरी… बोललीस! बाईंना सांगितलंस, तळ्याच्या मागे म्हणून. तुझ्या तोंडात कधी तीळ भिजला नाही. होकान तेवढा मुका, म्हणून त्याला न्यायची. आणि वाटेत कुणी भेटलं, विचारलं, तर आईचं उत्तर ठरलेलं, आठवतं? अगदी गोड हसून, "यंदा काहीच नाही हो इथं. तुम्ही पलीकडच्या डोंगराकडे बघा." आणि मागे झुडपात दोन बादल्या भरलेल्या!… हो, पाद्रीबाबांनासुद्धा! पाद्रीबाबा बिचारे गेले पलीकडच्या डोंगरावर. डास चावून परत आले.

काय?… मुद्दाम? छे. मुद्दाम नाही पुसलं त्यानं… नाही इल्वा, ऐक. जागा गुपित राहावी म्हणून आईची कॉफी तोडेल का तो?… अगं त्याला ती आवराआवर करायची होती, बस. मागे राहणाऱ्यांना ताप नको. तुला माहितीये ना, शेवटच्या महिन्यात कसा झाला होता. स्की वाटून टाकल्या. शेडमधले खिळे मापाप्रमाणे डब्यांत लावले. दवाखान्यात जायच्या आदल्या दिवशी फ्रीजर पुसला, अंगात ताप असताना! मी ओरडले तर म्हणाला, "तुला घाण वास यायला नको." फोन कोरा करून देऊन टाकला, आणि शेवटी ते अकाउंट. त्याला वाटलं असेल, आपलं नाव जाईल, खेळ राहील. बटण दाबताना कुणी सांगतं का, की तुझ्या आईचं जेवण चाललंय म्हणून?

विचारलं ना साइटवाल्यांना. फार सभ्य आहेत. म्हणे, आपल्या दुःखात सहभागी आहोत, पण पुसलेलं काही आमच्याकडे उरत नाही. दुसऱ्यांदा विचारलं, पुन्हा सहभागी झाले. तिसऱ्यांदा मी शिव्या लिहिल्या… लिहिल्या! आणि मग पुसल्या. आपण होकानच्याच बहिणी.

हो, येतेय त्यावर. परवा राइवोनं एक पाठवला. उघडला आणि बघते तर टिल्डा! अगं आपली टिल्डा, कुत्री! एक कान वर, एक खाली. शेपूट हलवत टोपलीमागे चाललीये. आणि निळ्या दाराची झोपडी, आणि दारात बाबांचे बूट. इल्वा, मी स्वयंपाकघरात उभी होते, तिथंच खाली बसले. रडले. खूप रडले. ओव्हनमधला मासा जळून कोळसा झाला तरी उठले नाही.

मग आनंदात का नाही? अगं, टोपली भरली ना मी. भरली, आणि थांबले. काही नाही. पुन्हा भरली. आवाज मोठा केला. कानाला लावला टॅबलेट. नाही.

राइवोला विचारलं. बिचारा दोन दिवस त्यात डोकं घालून बसला. म्हणे, आवाज यात कधी घातलेलाच नव्हता. मग माझी ट्यूब पेटली. होकान म्हणाला होता एकदा, लोकांसाठीचा वेगळा आणि आईचा वेगळा. आईच्या तंबीनंतर लोकांसाठी एक करून बघितला होता त्यानं, सगळ्यांना दिसेल असा. त्यात वाट मुद्दाम चुकवलेली, तळं भलतीकडे, आणि हाक नाही. तो थोडेच दिवस होता, पण तेवढ्यात कुणीतरी उचलून ठेवला. आईचा जो खरा, तो कुणाच्याच हाती लागला नाही. लागणार कसा? आपण लपवला होता ना नीट.

आता नाही सापडायचा तो. राइवो म्हणाला, "मारित, मी खोटं सांगणार नाही. जे कुणी कधी बघितलंच नाही, ते मला सापडत नाही." एवढं म्हणाला आणि मलाच सॉरी म्हणाला. त्याची काय चूक?

त्याचा आवाज दुसरीकडून?… बघितलं गं सगळं. माझ्याकडे एकच व्हिडिओ आहे, मिडसमरच्या सणाचा, तुझ्याच अंगणातला. पेला वर करून गाणं म्हणतोय. ऐकवलं आईला. ती म्हणाली, "प्यायलाय. घरी पाठवा त्याला."… हो, मीही हसले. काय करणार?

नाही, तो गेला हे आता पुन्हा नाही सांगणार तिला. तीनदा सांगून झालं. दर वेळी पहिल्यांदा ऐकल्यासारखी कोसळते. माझ्यात नाही ती ताकद, इल्वा. तुझ्यात असेल तर गाडी पकड आणि ये.

बरं. बरं, चुकलं. लागलं तुला, माहितीये.

थांब हं… ये, ये फादुमो. इथंच ठेव. हो, बनसुद्धा. थँक यू गं… इल्वा, कॉफी आली. मी आता तो खेळ लावून देते तिला. म्हटलं, तू फोनवर असताना लावू. मला एकटीला नाही धीर होत… नाही, स्पीकरवर नाही टाकत. तू मुसमुसशील आणि ती विचारेल कोण आलंय.

आई… आई, हे बघ काय आणलंय. होकानचा खेळ. बघ.

बघतेय… घेतला हातात… बोट लावलं! इल्वा, वेचतेय गं! अगं सराईतासारखी, पटापटा… "टिल्डा" म्हणाली! ऐकलंस? कुत्रीला हाक मारली तिनं! गाल बघायला हवे होतेस तू तिचे, रंग आलाय… फादुमो, तू पण थांब ना, बघ… अर्धी झाली टोपली… हो, सांगतेय ना, सांगतेय. भरत आली. एकदोन राहिलीत… भरली.

…

नाही.

…

वाट बघतेय. मान तिरकी केलीये. कॉफीकडे बघितलंसुद्धा नाही… नाही गं, काहीच नाही होणार त्यातून, मी सांगितलं ना तुला.

मी?… मी कशी हाक मारू? माझा आवाज त्याच्यासारखा आहे का?… बरं. बरं, बघते. थांब.

आई. पुरे आता. कॉफी झालीये, ये.

…

बघितलं माझ्याकडे… बघतेय अजून. आता परत पडद्याकडे. वाटेवरून बोट फिरवतेय, तळ्यापर्यंत… मान हलवतेय. कळलं तिला, इल्वा. चुकलेली वाट आहे ना ती. बाकी सगळं विसरली, पण तेवढं नाही विसरली… हॅलो? आहे, आहे मी. थांब, दोन्ही हात ठेवलेत तिनं पडद्यावर. झाकलाय. काहीतरी म्हणतेय… काय गं आई?… मोठ्यानं बोल…

…

इल्वा.

ती मला म्हणतेय, "यंदा काहीच नाही हो इथं. तुम्ही पलीकडच्या डोंगराकडे बघा."

…

मलाच. माझ्याकडे बघून. अगदी गोड हसून.

नाही, नाही सांगितलं मी कोण ते. काय सांगू?… मी म्हटलं, "बरं हो, बघते तिकडे." खूश झाली.

कॉफी?… नाही. तशीच आहे, निवतेय.

ठेवते मी.