कडूबाईचे अठरा एकर

—येते की, भाऊसाहेब, येत न्हाई म्हनलं का मी? कर्जतला जायाचं, जमिनीच्या खरेदीखतावर अंगठा द्यायचा, की माघारी—कळलं मला. काकासाहेबांचा निरोप मी कधी मोडला न्हाई. पर तुमी त्यांचे कारकून, पैल्यांदाच मळ्यावर आलाय, बिनचहाचे जाता व्हय? बसा त्या खुर्चीवर. भिऊ नका, मोडत न्हाई, तिच्यावर मंत्री बसून गेलेत.

व्हय तर. काकासाहेब आमदार हुते तवा हितं मानूस मावत नव्हतं. सत्तर एकर मळा, निम्म्यात मोसंबी, आन दारात जीपगाड्या—हुरडा भाजून भाजून माझ्या हातावरची लव जळाली. मग शिलिंगचा कायदा आला. अठरा एकराच्या वर बागायत ठेवायची न्हाई. काकासाहेबांनी जमीन लिहिली भावांच्या नावावर, मेव्हण्यांच्या नावावर—लिहिता लिहिता मेव्हणे संपले, आन हिरीचा अठरा एकराचा तुकडा तसाच राहिला. तर सैपाकघरात आले. एरवी 'ए कडू', त्या दिवशी म्हनले, 'कडूबाई मावशी'. मी मागं वळून बघितलं, कोन पावनी आली म्हनून. तुकडा माझ्या नावावर चढवला. शिलिंगचा सायब चौकशीला आला तवा मला इरकल नेसवून खुर्चीवर बसवलं—मालकीण. बसले की. पर काकासाहेब आत आले आन मी उठून चहा टाकायला गेले. सवय वो. सायब हसला, चहा पिला, गेला. पुढं काकासाहेब निवडणुकीत पडले, पुन्याला ऱ्हायला गेले, आन हितं उरले मी.

मोसंबी? वाळली, दिसतंच हाय. दुष्काळ—न्हाई, हिरीला पानी हाय. मी आन माझ्या घरधन्यानं खांदलीय ती, आटायची न्हाई. मग बाग का वाळली म्हनता—आता तुमाला काय सांगावं. काकासाहेबांचा हुकूम हुता, पानी बागंलाच, वस्तीला घागर सुदिक न्हाई. पाळला मी, दिवाळीपतुर पाळला. मग ती वस्तीवरली झुंबरबाई—दिसभर दुष्काळी कामावर खडी फोडायची आन रिकामी घागर घेऊन हिंडायची. तिच्या तान्ह्याला रडायचंबी बळ उरलं नव्हतं. मीच कुंपन उचकटलं. चाळीस घरं पानी न्हेत्यात आता. झाडं माझ्या हातची, डोळ्यांदेखत वाळली, लई रडले—पर इंजानाचं पानी बागंकडं सोडलं न्हाई. ह्ये तिकडं सांगू नका हं.

चला, लुगडं बदलते. घेनारा कसा हाय वो मानूस? नगरचा व्यापारी—बरं. तारंचं कुंपन घालनार—घालू दे की. आन हिरीला? पुन्यांदा बोला. कुलूप.

न्हाई, काय झालं न्हाई. चहा प्या तुमी. मला नगरला खोली देनारेत, म्हाईत हाय, देतील, शब्दाचे पक्के हायेत. पर सातबारावर नाव माझंच हाय न्हवं अजून? तलाठ्याला इचारलं हुतं मी गेल्या म्हैन्यात—असंच, जाता जाता. तो म्हनला, तुमी न्हाई म्हनलात तर कुनालाच इकता येत न्हाई.

मग न्हाई म्हनते मी. काकासाहेबांना जाऊन सांगा, कडूबाई न्हाई म्हनली. रागावतील—रागावू द्या. मला भ्या वाटतंय, खोटं कशाला बोलू. उठा आता. आन जीप तेवढी वाटंतनं काढा—खडीवरची दुपारची सुट्टी झाली, बाया घागरी घेऊन येत असतील.