तंजावरचे उंबरे

बायकोच्या वर्षश्राद्धाचं सामान मांडीवर घेऊन नानासो विट्याच्या स्टँडवर बसले होते. मागच्या बाकावर मनुबाई नावाच्या म्हातारीला तिची भाची भेटली. भाचीचं नाव संयोगिता. तिच्या नवऱ्याचं तंजावरला सोनं गाळायचं दुकान.

“आगं, तू तर महिनाभर ऱ्हाणार हुतीस. लगीच माघारी?”

“धाडलं त्यांनी, मावशी.”

“का गं? दुकान लय जुन्या घरात हाय, सगळ्या जुन्या पेठा हिंडवून दावतो म्हनत हुता की.”

“पयल्याच सकाळी मी दुकान झाडलं आन् केर टाकला रस्त्यावर.”

“आगं बया! गलाईच्या दुकानातला केर? त्यात सोन्याचं कण असत्यात!”

“मला कुणी सांगितलं हुतं? दुकान पयल्यांदाच बघितलं मी.”

“मग?”

नानासोंची एस्टी लागली. ते उठले नाहीत.

“मग काय! सगळी गल्ली झाडून घेतली माझ्याकडनं. माती चाळत बसले. लांबलांबनं लोक गल्लीतली जुनी घरं बघाय आलते. त्यांनी माझाबी फोटू काढला.”

“आन् ह्यो तुझा नवरा?”

“दारात हुबे. म्हनले, नजर खाली ठेव.”

“मरू दे त्येला. घरं कशी हायती, त्ये तरी सांग.”

“उंबरे काळ्या दगडाचे हायती. म्होरं बायकांनी पांढरी रांगोळी काढल्याली असती. तीबी झाडून घेतली मी, त्या बघत हुत्या तरी.”

“आन् वर?”

“वरचं न्हाई ठावं, मावशी.”