कमरेचं पिस्तूल आणि ग्रामसभा

मुरबाडकडं आमच्या गावात ग्रामसभेला काय झालं, ऐका. गावचं गायरान रिसॉर्टला द्यायचं का, हा विषय. जमिनीचा दलाल कमरेचं पिस्तूल सगळ्यांना दिसेल असा पुढच्या खुर्चीत बसला. आमी पुरुष गप. आमची काकी गावची पोलीस पाटील. ती एकटी उठली.

"ते बाहेर ठेवून ये."

"लायसन हाय माझ्याकडं."

"त्याच लायसनवर लिवलंय, सभेत हत्यार आणायचं नाय." दलाल जागचा हलला नाय, तवा ती ग्रामसेवकाकडं वळली, "गायरान द्यायचा ठराव करायचा तर लिवा, पिस्तुलासमोर झाला."

"काकी, असं कसं लिहू?"

"मग ठराव तरी कसा लिवता?"

ग्रामसेवकानं वही मिटली. सभा ठरावाविना तिथंच मोडली, गायरान वाचलं. आणि आमी मर्द! टाळ्या वाजवल्या, पण दलालाची गाडी गेल्यावर.