मामाची खीर

चेरीतालच्या दवाखान्यात लस टोचणाऱ्या नर्स रुचिरापुढे रांगेतली एक तरुण आई उभी होती. तिच्या कडेवरची पाच महिन्यांची मुलगी रुचिराला जीभ काढून दाखवत होती.

"दीदी, ही सारखी जीभ काहून काढून राहिली?"

"दूध नीट पिते?"

"पोटभर."

"झोपेत जीभ आत असते? श्वास घरघरत नाही?"

"नाही जी."

"मग घाबरू नका. तसं काही दिसलं तर मात्र लगेच आणा. या वयात बाळं जीभ काढतातच; तोंडात काही घातलं, की जीभ ते बाहेरच ढकलते."

"पण उष्टावणाला माझ्या दादानं खीर भरवली, तर हिनं तीनदा बाहेर लोटली. तो न जेवताच बरगीला आपल्या घरी गेला. म्हणे, भाचीला मामा नको."

"सातव्या महिन्यात बोलवा त्यांना, तोवर ही सवय जाते. मुलीचं सातव्यातही चालतं ना?"

"चालते की! थांबा, सांगतेच त्याले. हॅलो दादा, काय करून राहिला?"

स्पीकरवर भांडं खडखडलं.

"खीर करून राहिलो. शकु, त्या दिवशी वेलची जास्त झाली होती काय? या वेळी टाकलीच नाही."

रांगेत शकुच्या मागून कोणीतरी ओरडलं, "दीदी, आगे बढ़ो!"

"रुकिए भैया," रुचिरा म्हणाली, "खीर बन रही है."