शंभरीची पेस्ट्री

(नोव्हेंबरातली शनिवारची दुपार. इटलीच्या रोमान्या भागातल्या एका छोट्या गावातलं पेस्ट्रीचं दुकान. काउंटरमागे आर्जिया. पुढे तिचा भाचा नेव्हियो आणि गावच्या क्लबचे जुने बास्केटबॉल कोच प्रीमो.)

आर्जिया: एकदा नाही म्हटलं ना? आणि ते दार लावून घ्या, माशा आत येतात. आधीच दोन आल्यात.

प्रीमो: दोन म्हणजे मी आणि हा का, आर्जियाबाई?

आर्जिया: तुम्ही रोजचेच आहात, तुमची सवय झालीय. हा उत्तरेकडून उडत आलाय.

नेव्हियो: आत्या, माझं जरा ऐकून तरी...

आर्जिया: काय ऐकू? सात वर्षांत फोनवर काय ऐकलं? "बरा आहे, जेवलो, ठेवतो." तेवढंच आता समोर उभं राहून ऐकवणार असशील तर ट्रेनचे पैसे उगाच घातलेस.

प्रीमो: मी सांगतो. हा पॉइंट गार्ड आहे, टीमला चेंडू वाटणारा, याला सगळं दुसऱ्याच्या हातात द्यायची सवय. बोलणंसुद्धा. ऐका, क्लबला पॉइंट गार्ड हवाय. आहे त्याचा गुडघा गेला. अध्यक्ष म्हणाले, नेव्हियोला त्याच्या क्लबानं सोडलंय, विचारून बघा. विचारलं. तर साहेब म्हणतात, येतो, पण आत्याकडे वरच्या खोलीत राहायला मिळालं तरच. नाहीतर खाली दक्षिणेत कुठल्याशा क्लबाचं बोलावणं आहे, तिकडे जातो. अध्यक्षांना आज संध्याकाळी उत्तर हवंय.

आर्जिया: गावात हॉटेलं काय कमी आहेत? समुद्राकाठची सगळी रिकामी पडलीयत. राहा म्हणावं ऐटीत, खिडकीतून लाटा बघत.

नेव्हियो: हॉटेलात राहायला मी परत येत नाहीये.

आर्जिया: मग कशाला येतोयस? तिकडे कुणी विचारेना म्हणूनच ना? सोडलं म्हणे क्लबानं. सोडायला आधी धरलं कधी होतं त्यांनी? मी टीव्हीवर बघितलंय तुला. एकदाच. खेळाडू घाम गाळत बाहेर आला आणि तू उठून त्याला टॉवेल दिलास. शेजारीण म्हणाली, "अगं, तुझा नेव्हियो!" मी म्हटलं, हो, टॉवेल छान देतो.

प्रीमो: नाही, तसा खेळलाय तो मधूनमधून. पहिल्या वर्षी बरा खेळला. मग बाकीच्यांना कळलं.

आर्जिया: काय कळलं?

प्रीमो: की हा डावीकडेच जातो. त्याचा दोष नाही म्हणा. शिकला कुठे? फादर आन्सेल्मोच्या अंगणात. ते अंगण चर्चच्या भिंतीकडे उतरतं, चेंडू हातातून सुटला की सरळ डावीकडे. गावातली सगळी पोरं तशीच. उजवीकडे जायचं म्हणजे यांना डोंगर चढल्यासारखं वाटतं. तिकडच्या सपाट मैदानावरसुद्धा हा उतार शोधत असतो.

नेव्हियो: आता उजवीकडेही जातो मी.

प्रीमो: जातोस. पण परवानगी मागत जातोस. आणि तू मागेपर्यंत चेंडू दुसरा घेऊन जातो.

आर्जिया: ते अंगण मला नका सांगू. आमच्या दुइलिओनंच नेलं होतं याला तिथे. सहा वर्षांचा होता. आईबाप स्वित्झर्लंडला कामाला गेले आणि हे पार्सल माझ्याकडे. इथे, या काउंटरखाली बसून भोकाड पसरायचं, गिऱ्हाईक दारातूनच परत जायचं. मी म्हटलं, दुइलिओ, याला कुठेतरी घेऊन जा, नाहीतर दुकान बंद करावं लागेल.

नेव्हियो: आतोबा हाताने पाट्या बदलायचे तिथे. गुणफलकाच्या. मला शेजारी स्टुलावर बसवायचे.

प्रीमो: आणि फादरचा नियम, प्रार्थनेला न येणाऱ्याला चेंडू मिळणार नाही. हा बेटा गुडघ्यांत चेंडू धरून प्रार्थना म्हणायचा. मोठ्यानं, सगळ्यांच्या पुढे. मी म्हटलं, हा एक तर पाद्री होणार नाहीतर पॉइंट गार्ड. पाद्री झाला असता तर निदान राहायला घर तरी मिळालं असतं.

आर्जिया: पाद्रीसुद्धा देतो हो काहीतरी लोकांना. यानं काय दिलं? दुइलिओ गेला, तेव्हा मला वाटलं, चला, पोरगा आहे. सतराव्या वर्षी मोठ्यांच्या टीममध्ये घेतला होता. आणि आठ दिवसांत साहेबांनी दाखवलं काय आहेत ते.

प्रीमो: आलं. मला वाटलंच होतं, ही गाडी शेवटी त्याच स्टेशनावर येणार.

आर्जिया: मग कुठे जाणार? बोला ना, तुम्ही तर तिथे बाकावरच होतात. सांगा काय झालं ते.

प्रीमो: काय व्हायचं? अठ्ठ्याण्णव झाले होते आपले, समोरचे वीसेक मागे. मॅच संपल्यातच जमा. यानं चेंडू हिसकावला. पुढे कुणी नाही, मोकळं मैदान, आणि डावी बाजू. तुमच्या मांजरानंसुद्धा बास्केट टाकली असती.

आर्जिया: आणि यानं?

प्रीमो: हा थांबला. बास्केटच्या खाली जाऊन उभा राहिला, जसं काही ट्रेनची वाट बघतोय. मागून कप्तान ओदोने धापा टाकत आला, त्याच्या हातात चेंडू दिला. ओदोनेनं टाकला. शंभर.

आर्जिया: आणि शंभरी ज्याच्या हातून होते त्यानं काय करायचं असतं या गावात?

प्रीमो: या गावात कशाला, सगळ्या इटलीत. मंगळवारच्या सरावाला टीमला पेस्ट्री चारायची.

आर्जिया: ऐकलंस? पेस्ट्रीवालीचा भाचा, आणि पेस्ट्रीच्या खर्चाला घाबरला! दुसऱ्या दिवशी चर्चपासून स्टेशनपर्यंत हाच विषय. केस कापायला जावं तर तिथे तेच. "आर्जिया, तुझ्या घरात नुसता वास घेऊन पोट भरतात का?" काळ्या कपड्यांत होते मी. लोक आधी सांत्वन करायचे आणि मग हसायचे. एकाच दमात!

नेव्हियो: मला माहीत आहे.

आर्जिया: काय माहीत आहे तुला? ओदोनेनं पेस्ट्री कुठून आणली ते माहीत आहे? त्या कोपऱ्यावरच्या बार्तोलूच्चीकडून! मार्गरीनवाला मेला, नकली लोण्याचा. लोण्याचं तोंड बघितलं नाही त्यानं कधी. दुइलिओनं या क्लबासाठी जन्मभर पाट्या बदलल्या, आणि तो गेल्यावर पहिली शंभरी मार्गरीननं साजरी झाली. कुणामुळे? या कंजुषामुळे.

नेव्हियो: मी कंजूष नाही.

आर्जिया: मग काय आहेस? आजारी होतास? हात मोडला होता? की लाज वाटत होती माझी? मोठा खेळाडू, आणि आत्या पिठात हात घालते! म्हणूनच ना उन्हाळा लागताच बॅग भरलीस?

नेव्हियो: बॅग भरली कारण रोज सरावानंतर माझं कपाट उघडलं की आतून बार्तोलूच्चीचे पेस्ट्रीचे कागद पडायचे. पोरं गोळा करून भरून ठेवायची. आणि घरी यायचं तर तू ताट समोर आपटायचीस आणि आत निघून जायचीस. जून येईपर्यंत एक शब्द बोलली नाहीस. मग कुठे थांबायचं होतं मी?

प्रीमो: कागदांचं मला माहीत नव्हतं.

आर्जिया: तुम्हाला काय माहीत असतं? तुम्ही शिट्टी वाजवा. आणि तू, ताटात वाढत तरी होते ना? उपाशी ठेवलं नव्हतं.

नेव्हियो: नाही. उपाशी नाही ठेवलंस.

प्रीमो: एक विचारू का रे? मी तेव्हा विचारलं नाही, वाटलं, पोरगं भांबावलं असेल. का थांबलास तू?

नेव्हियो: जाऊ दे, कोच.

आर्जिया: जाऊ दे कसं? सांग ना. सात वर्षं मी गावाला उत्तर देतेय, आज मला तरी मिळू दे.

नेव्हियो: शटर खाली होतं.

आर्जिया: कुठलं शटर?

नेव्हियो: हे. तुझं. त्यावर काळ्या काठाचा कागद लावला होतास, दुःखामुळे बंद म्हणून. मी पळत होतो बास्केटकडे, आणि डोळ्यांसमोर तेच आलं. मी टाकला असता तर मंगळवारी पेस्ट्री आणायला लागली असती. बार्तोलूच्चीकडून मी आणली असती तर तू मला घरात घेतलं नसतंस. आणि तुला सांगितलं असतं तर तू उघडलं असतंस. आतोबांना जाऊन आठ दिवस, आणि दुकान उघडलं म्हणून लोकांनी तुला नावं ठेवली असती. म्हटलं, मला ठेवू देत.

प्रीमो: अरे बापरे.

आर्जिया: हे सगळं तू पळता पळता ठरवलंस?

नेव्हियो: मोकळं मैदान होतं. वेळ होता.

आर्जिया: गाढव. शुद्ध गाढव. कुणी सांगितलं होतं तुला डोकं चालवायला?

प्रीमो: मी. चार वर्षं ओरडत होतो त्याच्यावर, आधी विचार कर, मग खेळ. एकदाच ऐकलं त्यानं माझं.

आर्जिया: म्हणजे दोन गाढवं! आणि मला नाही विचारलंत? त्या रात्री घरी आल्यावर तोंड शिवलं होतं का रे तुझं?

नेव्हियो: तू दार उघडलंस आणि म्हणालीस, "चालता हो वर." मग काय सांगायचं?

आर्जिया: म्हणणारच. म्हणणारच मी तसं. तुला वाटलं, शटर खाली म्हणजे आत सगळं बंद? मी काय खुर्चीत बसून माळ ओढत होते? रेडिओ नव्हता घरात?

नेव्हियो: रेडिओ?

आर्जिया: गावच्या स्टेशनवर लावतात ना मॅच. तो बोंबलत होता, पंच्याऐंशी, नव्वद, नेव्हियो आत आला, नेव्हियोनं पास दिला. मी म्हटलं, हा करणार शंभरी. दुइलिओनं शिकवलेला पोर आहे, दुइलिओसाठी करणार. खाली आले. दिवा एकच लावला, बाहेर दिसू नये म्हणून. दूध तापवलं. अंडी फोडली. नव्वदच्या पुढे गेले तेव्हा मी ढवळत होते, हात दुखेपर्यंत. म्हटलं, ठेवू देत कुणाला नावं ठेवायची तर. मंगळवारी शटर वर करून, दारातून माझ्या हातानं देणार होते ट्रे. सगळ्या टीमला.

प्रीमो: आर्जियाबाई...

आर्जिया: तुम्ही गप्प बसा. आणि रेडिओवरचा म्हणतो, "नेव्हियो थांबला! नेव्हियो चेंडू देतोय ओदोनेला!" अख्खं पातेलं मोरीत ओतलं मी. आणि तू आलास. चालता हो नाही म्हणणार तर काय ओवाळणार तुला?

नेव्हियो: मला कसं कळणार, आत्या?

आर्जिया: आणि मला कसं कळणार रे? तू पास देतोस सगळ्यांना, घरी मात्र चेंडू दाबून बसतोस.

प्रीमो: अध्यक्षांचा फोन येईल आता. काय सांगू? दक्षिण की वरची खोली?

आर्जिया: अध्यक्षांना म्हणावं, तुमच्या क्लबाला हेच नमुने शोभतात. वरच्या खोलीत साखरेची पोती भरलीयत. ज्याला राहायचंय त्यानं स्वतः हलवावी. मी हात लावणार नाही.

नेव्हियो: कुठे ठेवू ती?

आर्जिया: जिन्याखाली. आणि डावीकडे रचू नकोस, तिथे ओल आहे. उजवीकडे. जमेल ना?

नेव्हियो: जमेल.

आर्जिया: बघू. आधी तो कोट काढ, लग्नाला आल्यासारखा उभा आहेस. आणि पेस्ट्रीकडे टक लावून बघू नकोस, ती विकायची आहे.

प्रीमो: मी निघतो. अध्यक्षांना सांगतो, पोती हलवायला माणूस मिळाला.

नेव्हियो: आत्या.

आर्जिया: आता काय?

नेव्हियो: त्या रात्री क्रीम कसलं केलं होतंस?

आर्जिया: लिंबाचं.

नेव्हियो: टीममध्ये लिंबाचं माझ्याशिवाय कुणालाच आवडत नव्हतं.

आर्जिया: माहीत होतं मला.