दहा नंबर

मेंदूच्या डॉक्टरांच्या बाहेर श्यामलाबाई अकरा नंबर घेऊन बसल्या होत्या. हातात मासिक होतं, पण कान शेजारच्या बाकड्यावर. तिथं थरथरत्या मानेचा एक म्हातारा, त्याची लेक आणि एक फेटेवाला बसले होते.

"ताई, आजोबांचं कान मोडल्यात. पैलवान व्हय?"

"न्हाय वो, बॉक्सर. चौतीस साली आबा सर्कशीत हुतं. एका इंग्रजासंगं खेळायचं."

"इंग्रज? आन सर्कशीत?"

"विलायतेत हरून हरून त्याला कोण इचारीना, म्हणून हिकडं आलता. हितं रोज जिकायचा. आबांनी ठोसा खाऊन पडायचं, पंचानं दहा मोजायचं. दहाच्या आत उठायचं न्हाय, असं ठरल्यालं."

"म्हंजे ठरवून हरायचं. नुरा कुस्ती की!"

"व्हय. ठोसं तेवढं खरं हुतं."

"नऊ नंबर!" कंपाउंडर ओरडला. म्हाताऱ्याची मान वर झाली.

"आवो, एकदा तरी उठायचं की!"

"उठलं की! नवाला उठलं आन असा हाणला, साहेब आडवा."

"शाब्बास! मग?"

"मग काय, त्याच रात्री सर्कस सोडून घरला आलं. फुडचं कवा सांगितलंच न्हाय बगा."

"दहा नंबर!"

"आबा, उठा. दहा झालं."

"झालं दहा?"

"झालं. उठा की आता."

"मी कवाचा उठलोय, पोरी. साहेबच उठंना."