खुशालरावच्या जात्याले टाकी

नाही जी मास्तर, ते संस्कृत-फिंस्कृत राहू द्या तिकडं अमरावतीले — ‘टाकी’ हा शबूद आमच्या पातूरचा हाय, अन् मी सांगून राहिलो ते अक्षर न् अक्षर खरं, माह्या बैलाची आन! डोंगरात लेन्या कोरनारे व्हते ना, त्याईचं काम सरलं, छन्न्या उरल्या, मंग बायका म्हनल्या, रिकामे काहून बसता, आमच्या जात्याले घाव घालून द्या — माह्या आज्यानं डोळ्यानं पाह्यलं हे. काय? लेन्या हजार वर्सांच्या? मंग आज्यानं ऐकलं असन. अन् बैलबी नाही म्हना माह्यापाशी, मागच्याच साली विकला.

लिहा, लिहा. छन्नीले टाकी म्हनते, तिनं दगडावर पडलेल्या खाचेलेबी टाकी, अन् त्या कामालेबी टाकीच. जातं दळून दळून गुळगुळीत होते, ज्वारी नुसती घरंगळते, पीठ पडत नाही — मंग टाकी द्या लागते. मले काहून माहीत? मी त सांभार-वांगे, भाजीपाला विकनारा मानूस — पन एक डाव टाकी देल्ली मी. बायकोपायी.

हळू बोला, आत चुलीपाशी हाय ते. वच्छला. बाप तिचा खुशालराव, वीस एकर काळीचा धनी. जात एकच आमची, पन मी डोक्यावर टोपलं घेऊन फिरनारा, मले दारात उभा करत नव्हता. अन् आठ दिवसांत अचलपूरचे पाव्हने पोरीले पाहाले येनार! मंग काय करता? नत्थुजी पाथरवटाची छन्नी-हातोडी मागून आनली, तोंडाले फडकं गुंडाळलं, अन् त्याच्या दारात आरोळी — टाकीऽऽ लावा टाकीऽऽ! वच्छलानं जातं काढून देल्लं. वळखलं तिनं, हासली. असं हासू मास्तर — जाऊ द्या. मी ठोकत बसलो. दुपार टळली, घरचा स्वैपाक अडला, तरी माही टाकी सरत नाही!

आता इथं मेख हाय. टाकी देल्ल्यावर पहिलं दळन ढोराले घाला लागते, दगडाची कच असते त्यात. पाथरवट हे सांगूनच उठते. मी? मी तिच्याकडं पाहात उठलो.

सांजच्याले खुशालराव जेवाले बसला, भाकरीचा पहिलाच घास — कडाड! समोरचा दात ताटात! काठी घेऊन निघाला माह्यामागं, तीन दिवस मी वांग्याच्या वाफ्यात — बरं, एक दिवस. अन् मंग म्हनते कसा, ज्यानं माहा दात पाडला तोच माहा जावई! हासा, हासा.

काय? अचलपूरवाले? आले जी ते ठरल्या दिवशी. पोरगी पाह्यली अन् गेले वापस. काहून म्हंजे? नाही पटली... तुमीबी ना, भलतंच खोदता. बापाचा दात पडला म्हनून पोरगी कोन नाकारते, हौ, बरोबर हाय.

लेन्यांचं म्या मनानं जोडलं. अन् — खुशालराव टाकीच्या त्या सांजच्याले घरी नव्हताच. जेवाले वच्छला बसली व्हती.

बावीस वर्सं झाली. पदर तोंडाले लावल्याबिगर हासली नाही ते. अन् मले वाकडा एक शबूद नाही बोलली, एकबी —

उठा. उठा जी, आली ते.